मधल्या रांगेतली सात नावं

तिकिटं मी काढली, तेव्हा पहिला दोष माझाच.

मावशी रिटायर होऊन महिना झाला होता आणि घरात नुसती फडकं घेऊन फिरत होती. नळ घासून झाला, दाराची कडी घासून झाली, मग शेजारणीच्या दाराची कडी. शेजारीण मला जिन्यात गाठून म्हणाली, "तुझ्या मावशीला आवर गं बाई, सकाळी दार उघडायला गेलं की डोळे दिपतात." म्हटलं, हिला कुठंतरी बाहेर काढायलाच हवं. तेवढ्यात बसस्टॉपवर जाहिरात दिसली. 'शहरातली युद्धस्मारकं : सायंकाळची पायी सफर, जाणकार गाईडसोबत. दर शनिवारी साडेपाच ते साडेसात.' मी लगेच दोन तिकिटं घेतली. वाटलं, जन्मभर ज्या पाट्या घासल्या त्या एकदा पाहुणी म्हणून बघेल.

कारण ह्या शहरातल्या सगळ्या स्मारकांचं पितळ एकोणतीस वर्षं घासलंय ते माझ्या मावशीनं. पालिकेच्या कागदावर 'सफाई कर्मचारी (धातू)', आणि लोकांच्या तोंडी पितळबाई. सोमवारी चौकातला घोडेस्वार, मंगळवारी कमानीवरच्या पाट्या, बुधवारी नाविकांचा नांगर, गुरुवारी मालधक्का, शुक्रवारी राहिलेलं सगळं. पिशवीत तीन फडकी. एक पॉलिश लावायला, एक काढायला, एक चमक आणायला. कोपऱ्यांसाठी दातांचा जुना ब्रश. गोल गोल घासायचं नाही, एकाच दिशेनं घासायचं, हे ती मला मी चौदा वर्षांची असल्यापासून सांगत आलीय, जसं काही मीही पुढे तेच करणार होते.

मी ते केलं नाही. माझी पालिकेच्या दाराबाहेर टायपिंगची टपरी आहे. आधी टाइपरायटर होता, आता कॉम्प्युटर आणि प्रिंटर. लोक येतात, तोंडी रडतात, मी त्याचा अर्ज करून देते. बावीस वर्षांत सरकारी भाषा माझ्या बोटांत इतकी मुरलीय की भांडणातसुद्धा 'सबब' निघतं तोंडातून.

मालधक्क्याचं आधी सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. रेल्वेच्या मालधक्क्याच्या फाटकाशेजारी भिंतीवर एक पितळी फलक होता. त्रेसष्ट नावं, तीन रांगा, एकेका रांगेत एकवीस. एक्केचाळीस वर्षांपूर्वी, लढाई चालू असताना, जखमी सैनिकांची गाडी त्या धक्क्याला लागली आणि वरून बाँब पडायला लागले. हमाल पळाले नाहीत. स्ट्रेचर उतरवत राहिले, आणि त्यातले त्रेसष्ट जण तिथंच गेले. सैनिक नव्हते, म्हणून सैन्याच्या यादीत नाहीत. रोजंदारीवर होते, म्हणून रेल्वेच्या यादीत नाहीत. हजेरीपुस्तक त्याच शेडमध्ये जळालं. मागे उरलेल्या हमालांनी आठवून आठवून नावं काढली आणि फलक करून घेतला. कोरणारा त्यांच्यातल्याच एकाचा मेहुणा. त्यानं काम संपल्यावर, मिळेल त्या वेळात कोरला, त्यामुळे अक्षरं उथळ. पण नावं होती. जगात दुसरीकडे कुठंच नव्हती, त्या भिंतीवर होती.

मधल्या रांगेत अकरावं नाव माझ्या मामाचं. वय चोवीस. धक्क्यावर त्याला उंट म्हणायचे, कारण उंच होता आणि दिवसभर पाणी न पिता ओझी वाहायचा. मी तेव्हा दोन वर्षांची होते, मला काही आठवत नाही. मावशी एकोणीस वर्षांची होती, तिला सगळं आठवतं. पुढं नवऱ्याशी पटेना म्हणून ती आमच्याकडे परत आली, पालिकेत लागली, तेव्हा तिला रस्ते झाडायला दिले होते. तिनं मुकादमाच्या मागं लागून पितळ मागून घेतलं. का, ते वेगळं सांगायला नको.

तर शनिवारी आम्ही निघालो. मावशीनं ठेवणीतले कपडे घातले आणि हातात काही नसल्यामुळे हातांचं काय करावं ते तिला कळेना. चौदा जण होते. गाईड पन्नाशीचा, पूर्वी विमा एजंट होता म्हणे, आणि ते न सांगताही कळलं असतं. गळ्यात छोटा स्पीकर, हातात मिटलेली छत्री, आणि जीभ अशी की थुंकी गिळायलासुद्धा थांबत नव्हता.

"बघा," घोडेस्वाराकडे छत्री करून तो म्हणाला, "घोड्याचा एक पाय वर आहे. म्हणजे स्वार रणांगणात जखमी होऊन वारला!"

"तापानं वारला," मावशी माझ्या कानात म्हणाली. तिची कुजबुज म्हणजे दुसऱ्याची हाक. "खाली पाटीवर लिहिलंय. वाकून कोण वाचतंय?"

दोन बायका हसल्या. एक म्हातारा खरंच वाकला आणि म्हणाला, "अरे हो की!" गाईडचं तोंड एवढंसं झालं.

पुढं अखंड ज्योत. गाईड म्हणाला, ही ज्योत लागल्यापासून एक क्षणही विझलेली नाही. मी मावशीचा दंड दाबला, पण उशीर झाला होता. "सिलिंडर बदलताना पाच मिनिटं विझते," ती म्हणाली. "चौकीदार आधी इकडेतिकडे बघतो." आता सगळे हसले, आणि खरं सांगते, मलाही मजा वाटली. सूर्य कलला होता, रस्त्यावरचे दिवे लागत होते, आणि माझी मावशी कधी नव्हे ते भाव खात होती. त्या गाईडचीही मला तेव्हा कीवच आली.

मग आम्ही मालधक्क्यावर आलो, आणि कीव तिथंच संपली.

त्यानं स्पीकरचा आवाज खाली केला. बाँबची, स्ट्रेचरची गोष्ट सांगितली, बरी सांगितली. मग फलकाजवळ गेला आणि मधल्या रांगेच्या मध्यावर छत्री टेकवली. तिथं अक्षरं नव्हतीच. सात ओळींच्या जागी नुसतं गुळगुळीत, पिवळं पितळ. "ही नावं पुसट का झालीत, माहिती आहे?" तो म्हणाला. "चाळीस वर्षं ह्या हुतात्म्यांच्या आया इथं येतात. बायका येतात, बहिणी येतात. ह्या नावांवरून मायेनं हात फिरवतात. मायेनं झिजलेली नावं आहेत ही!"

एका बाईनं रुमाल काढला. एकानं फोटो काढला. आणि मावशी पुढं झाली.

"कुठल्या आया हो?" ती म्हणाली. आता कुजबुज नव्हती. "आमची आई दोनदा आली. दुसऱ्यांदा फाटकापर्यंतच आली, तिथूनच परत फिरली. बाकीच्यांच्या आया उपनगरात राहायच्या, पोटाच्या मागं होत्या, त्या कधी येणार? एकोणतीस वर्षं दर गुरुवारी मी इथं उभी आहे. मायेबियेनं काही झिजलं नाही. पावडरनं झिजलं. आणि ह्या हातानं." तिनं तळवा पुढं केला. तो तळवा मी रोज बघते, पण त्या दिव्याखाली मलाही तो बघवेना.

पावडरचं असं आहे. आधी मऊ पॉलिश यायचं, डब्यातलं. बारा वर्षांपूर्वी भांडारातल्या कुणा शहाण्यानं ते बंद केलं आणि भांडी घासायची जाड पावडर पोतीच्या पोती हिच्या माथी मारली. मावशीनं पहिल्याच आठवड्यात ओळखलं. पितळ घासताना फडक्यावर जे काळं येतं ना, ते पितळच असतं. पॉलिशनं ते बोटभर यायचं, पावडरनं सगळं फडकं काळं व्हायला लागलं. तिनं तीन अर्ज दिले, तिन्ही मी टाइप केलेले. उत्तर एकच आलं : मंजूर सामग्रीच वापरावी. एकदा तिनं स्वतःचं पॉलिश आणून वापरलं, तर मेमो मिळाला, बाहेरचं सामान वापरल्याबद्दल. घासलं नाही तर 'फलक काळवंडला' म्हणून मेमो. म्हणजे आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना.

हे सगळं तिनं तिथं सांगितलं, उभ्या उभ्या, चौदा लोकांपुढं. गाईडनं ऐकून घेतलं, एवढं मात्र त्याचं कबूल करायला हवं. मग विम्याच्या सवयीनं दिलासा द्यायला गेला. "अहो, पण आता काळजीच मिटली, मावशी. पुढच्या महिन्यात नवा फलक बसतोय. स्टीलचा. घासायलाच नको. पालिकेच्या वारसा कक्षानं यादीसुद्धा पक्की केलीय, मला प्रत दिलीय त्यांनी." त्यानं मोबाइल काढला. "छप्पन्न नावं, आणि खाली 'आणि इतर सात'."

"इतर म्हणजे?"

"म्हणजे... जी वाचता येत नाहीत ती."

"मला येतात," मावशी म्हणाली. आणि तिनं सांगितली. मधली रांग, आठवं ते चौदावं, आडनावासकट, न अडखळता. चौथं नाव मामाचं. ते तिनं बाकीच्या सहांसारखंच म्हटलं, जराही थांबली नाही.

गाईडनं स्पीकर बंद केला. "मावशी," तो म्हणाला, आणि आता त्याचा खरा आवाज होता, "मला सांगून काय उपयोग? माझ्या हातात काय आहे?"

घरात आल्यावर स्वयंपाकघरात पातेलं असं आदळलं की झाकण पलंगाखाली गेलं. "इतर!" ती म्हणाली. "माणूस मेला, मेल्यावर त्याचं नाव घासून घासून पुसलं, आणि आता म्हणे इतर. भाजीच्या यादीत लिहितात तसं. आणि इतर!"

सोमवारी मी टपरी उघडलीच नाही. दोघी वर गेलो. वारसा कक्ष तिसऱ्या मजल्यावर, काचेची भिंत, कोपऱ्यात कुंडी, आणि साहेब अगदी गोड. उभे राहिले, खुर्च्या दिल्या, पाणी मागवलं. पालिकेत कुणी उभं राहून पाणी द्यायला लागलं की समजावं, काहीतरी आपल्या गळ्यात पडणार आहे. बावीस वर्षं त्या दारात काढलीत मी.

मावशीनं सात नावं लिहून नेली होती. साहेबांनी कागद नीट वाचला, नीट बाजूला ठेवला. "बाई, तुमच्या भावना मी समजू शकतो. पण ही नावं फलकावर आज दिसत नाहीत. न दिसणारी नावं मी कशाच्या आधारावर घालू?"

"मी घासत होते ती एकोणतीस वर्षं. मला पाठ आहेत."

"पाठ आहेत हा पुरावा होत नाही."

मग मी माझी फाइल काढली. तिन्ही अर्ज, पोच घेतलेले, शिक्क्यासकट. म्हटलं, "साहेब, पुरावा हा घ्या. पावडरनं नावं जातायत हे बारा वर्षांपूर्वी लेखी कळवलंय. दुसऱ्या अर्जात कुठली नावं पुसट होतायत, तीसुद्धा दिलीत. सातही."

साहेबांनी अर्ज बघितले आणि पहिल्यांदा त्यांचा चेहरा जरा हलला. दार लावून आले. बसले. "ताई, तुम्ही रोज खाली बसता, तुम्हाला काय सांगायचं? हे अर्ज मी फाइलला लावले की भांडार विभाग येतो. मग खरेदी कुणी केली, मंजुरी कुणी दिली, चौकशी समिती. दोन वर्षं, तीन वर्षं. फलकाचं अनावरण बावीस तारखेला ठरलंय, पाहुणे ठरलेत. तो 'इतर सात' म्हणूनच लागेल. एकदा लागलेला फलक कोण काढतो?"

"मग?"

"मग एक मार्ग आहे." त्यांनी पेन उघडलं. "नावं का गेली, एवढं कारण फाइलला हवं. कारण सफाईपाशीच मिटलं, तर पुढं कुणाला विचारायला नको. बाईंनी लेखी जबाब द्यावा, की घासताना आपल्याकडून निष्काळजीपणा झाला, त्यामुळे ही सात नावं झिजली, नावं पुढीलप्रमाणे. ज्यांच्या हातून गेली त्यांनीच सांगितली, म्हणजे आधार झाला. मी आजच्या आज यादीत घालतो. आणि बाई रिटायर झाल्यात, त्यांना कोण काय करणार? कागद फाइलमध्ये जाईल, फाइल कपाटात."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी काय काय बोलले ते सगळं आठवत नाही. चोर सोडून संन्याशाला फाशी, हे बोलले एवढं नक्की, कारण शिपायानं दार उघडून आत बघितलं. साहेब शांत. "ताई, ओरडून नावं वाढणार नाहीत," म्हणाले. आणि सगळ्यात संताप कशाचा, तर ते खरं होतं.

जिन्यात मी मावशीला म्हटलं, "अजिबात नाही. मी वरपर्यंत जाईन. पेपरात देईन. त्या भांडारवाल्याला कोर्टात उभा करीन."

"कर," ती म्हणाली. "तीन वर्षांनी."

"मावशी, तू घासलंस तेव्हा तुला माहीत होतं नावं जातायत. म्हणून तर अर्ज दिलेस! निष्काळजी कोण? तू?"

ती जिन्याच्या पायरीवर बसली. येणारेजाणारे आम्हाला वळसा घालून जात होते. "तुला एक सांगते," ती म्हणाली. "कुणाला बोलले नाही. दर गुरुवारी मी दादाच्या नावापासून सुरुवात करायचे. आणि सगळं झालं की शेवटचा हातही त्याच्याच नावावर. म्हणजे त्याच्यावर दोनदा. पहिलं त्याचंच गेलं. आजूबाजूची त्याच्यामुळे गेली. आणि वरच्या कोपऱ्यात चौकटीखाली हात नीट जायचा नाही, मी तिथं कंटाळा करायचे, तिथली नावं बघ कशी कोरी करकरीत आहेत. पावडर तर होतीच गं. पण साहेब अगदीच खोटं नाही बोलत."

मला रडू आलं आणि मला रडायचं नव्हतं, मला भांडायचं होतं. "ह्याला निष्काळजीपणा म्हणतात? अगं ह्याला..."

"काय म्हणायचं ते म्हणू देत. दादा इतरांत जायला नको. आणि ती बाकीची सहा माणसं माझ्या हाताखाली गेलीत, त्यांच्या घरच्यांनी मला विचारलं तर मी काय सांगू? चौकशी चालू आहे म्हणून?" ती उठली. "चल. टपरी उघड. टाइप कर."

मी म्हटलं, दुसऱ्याकडून करून घे. ती म्हणाली, "दुसरा चुका करील."

म्हणून मी केलं. माझ्या ह्या दहा बोटांनी. साहेबांनी मजकूर लिहूनच दिला होता. 'सफाई कर्मचाऱ्याच्या निष्काळजीपणामुळे' इथं मी दोनदा थांबले. एकदा हात पुसले. एकदा रांगेतल्या माणसाला उगाच खेकसले. मग केलं. प्रिंट काढून तिच्या हातात दिली, तर बाईनं वरचं वाक्य वाचलंसुद्धा नाही. खालची सात नावं एकेक अक्षरावर बोट ठेवून तपासली, दोनदा, आणि सही ठोकली.

बावीस तारखेला आम्हाला कुणी बोलावलं नाही. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला, पडदा, दोरी, दोरीला आठ जणांचे हात. मावशी म्हणाली, "गर्दीत काय बघायचं? शनिवारी जाऊ." शुक्रवारी गाईडचा फोन आला. नंबर मीच दिला होता. नेहमी घडाघडा बोलणारा माणूस, आणि वाक्य जुळवायला वेळ लागत होता. "ताई, उद्या येताय का? म्हणजे... आधी तुम्ही एकट्या येऊन गेलात तर बरं."

"का? नावं नाहीत का?"

"आहेत. सातही आहेत."

"मग?"

"या तुम्ही," म्हणाला आणि ठेवून दिला. मावशी समोरच बसली होती, तिला फोनमधलं सगळं ऐकू आलं होतं. तिला घरी ठेवायचं म्हणजे वाऱ्याची मोट बांधायची.

शनिवारी वीसेक जण होते. घोडेस्वारापाशी गाईड म्हणाला, "तापानं वारला," आणि मावशीकडे बघून हसला, पण ती हसली नाही, तिचं लक्ष पुढं होतं. ज्योतीपाशी ती थांबलीसुद्धा नाही. आम्ही सगळ्यांच्या आधी फाटकाशी पोचलो. नवा फलक पांढराशुभ्र चमकत होता, वर दिवा लावलेला. अक्षरं खोल, काळी, लांबूनही वाचता येत होती. मावशी सरळ मधल्या रांगेपाशी गेली. आठ, नऊ, दहा, अकरा. तिथं थांबली. हात उचलला, आणि नावाला लावायच्या आधीच खाली घेतला. नुसती बघत राहिली. मी तिला इतकी शांत कधी बघितलेली नाही, आणि तेवढ्या वेळापुरतं मला वाटलं, जाऊ दे, केलं ते बरोबर केलं.

मग मी खाली बघितलं.

सगळ्यात खाली, बारीक अक्षरांत, पण तितकंच खोल : 'मूळ फलक सफाई कर्मचाऱ्याच्या निष्काळजीपणामुळे झिजल्याने सदर फलक नव्याने बसविण्यात आला.' कपाटात जाणार होता तो कागद! भिंतीवर आला. आणि अर्धं वाक्य माझं. मी टाइप केलेलं, जसंच्या तसं. मी मावशीच्या पुढं उभी राहिले, तिला ते दिसू नये म्हणून, जशी काही मी फलकाएवढी रुंद आहे.

एव्हाना बाकीचे आले. गाईडनं गोष्ट सांगितली, आणि ह्या वेळी आयांचं काही बोलला नाही. मग त्यानं त्रेसष्ट नावं वाचली, एकेक करून. घाई केली नाही. शेवटचं नाव वाचून स्पीकरकडे हात नेला.

"खाली अजून आहे," मावशी म्हणाली.

म्हणजे तिनं वाचलं होतं. माझ्या आधीच वाचलं असणार.

"ते सरकारी आहे, मावशी," गाईड म्हणाला. "ते राहू द्या."

"वाचा. लिहिलंय तर वाचा."

त्यानं माझ्याकडे बघितलं. मी काय करणार होते? त्यानं वाचलं, तोंडातल्या तोंडात. मावशी म्हणाली, "मोठ्यानं." त्यानं मोठ्यानं वाचलं.

पुढं उभ्या असलेल्या एका बाईनं च्च केलं. नीटनेटकी बाई, खांद्याला पर्स, वाईट नसावी. "काय एकेक माणसं असतात!" ती म्हणाली. "ज्यांनी जीव दिला त्यांची नावंसुद्धा नीट सांभाळता येत नाहीत. पगार घ्यायला बरे पुढं!"

माझं तोंड उघडलं होतं. मी काय बोलणार होते ते मलाच माहीत नाही, पण ते ऐकून त्या बाईनं पुन्हा कधी कुठली सफर केली नसती. मावशीनं माझं मनगट धरलं. एकोणतीस वर्षं घासलेला हात आहे तो. माझं हाड दुखलं.

"ती मीच," ती त्या बाईला म्हणाली.

बाईला कळेना. "तुम्ही... काय?"

"ती सफाई कर्मचारी. मीच. आणि हा अकरावा आहे ना, मधल्या रांगेत, हा माझा भाऊ."

धक्क्यावर एक इंजिन मागं येत होतं. बाईचा चेहरा उतरला, ती पर्सचा पट्टा चाचपायला लागली, "अहो, मला माहीत नव्हतं, मला माफ..."

"माफी राहू द्या. त्याचं नाव वाचा."

बाईनं वाचलं. पहिल्यांदा हळू, मग पुन्हा, नीट, आडनावासकट.

"तुम्ही उभ्या आहात तिथून दिसतंय ना स्पष्ट?" मावशीनं विचारलं.

"हो."

"मग झालं," मावशी म्हणाली, आणि माझं मनगट सोडलं.

तिचं झालं असेल. माझं झालेलं नाही.